‘सगळं ठीक आहे ना?’ : बडोद्यातील एका दांपत्य समुपदेशन केंद्राचे परीक्षण

बडोद्यातील मराठी घरांमध्ये दांपत्य समुपदेशनाचे नाव निघाले की ऐकणाऱ्याच्या मनात पहिल्यांदा ‘यांचे प्रकरण कोर्टात गेले की काय?’ अशीच शंका येते. त्याला कारणही आहे. १९८४ च्या कुटुंब न्यायालय कायद्याने घटस्फोटाच्या दाव्यात आधी समेटाचा प्रयत्न करण्याची जबाबदारी न्यायालयावर टाकली, न्यायालयांशी समुपदेशक जोडले गेले, आणि समुपदेशन ही मोडत आलेल्या संसाराची शेवटची पायरी आहे अशी समजूत घरोघर रुजली. जुन्या पाद्रा रस्त्यावरील ज्या खासगी केंद्राविषयी मी लिहीत आहे, तेथे आम्ही दोघे गेलो तेव्हा आमच्यात मारहाण नव्हती, व्यसन नव्हते, तिसरे माणूस नव्हते. दिवसातून अनेकदा मी वेगवेगळ्या शब्दांत विचारत असे तो एक प्रश्न तेवढा होता: ‘सगळं ठीक आहे ना? माझ्यावर रागावला नाहीस ना?’ आणि त्याला ‘हो, ठीक आहे’ असे एक ठरलेले उत्तर होते, जे मला घटकाभरच पुरत असे.

केंद्राचे नाव मी मुद्दाम देत नाही. तेथे येणाऱ्यांची ओळख जपली जावी असे मला मनापासून वाटते, आणि पुढे जे लिहिले आहे त्यावरून दुसरे कोणतेही केंद्र वाचकाला पारखून घेता येईल. हे केंद्र मी निःसंकोच सुचवेन, याचे मुख्य कारण असे की जोडीदाराकडे दिलासा मागणे हा तेथे बायकी हट्ट ठरवला गेला नाही, आणि मागितला तेवढा दिलासा देत राहा, असा सोपा सल्लाही माझ्या पतींना मिळाला नाही. या दोन टोकांच्या मध्ये जे करायचे असते ते बारकाईचे काम आहे, आणि ते येथे जाणतेपणाने केले जाते.

पहिली भेट दीड तासाची असते आणि तिचा मोठा भाग दोघांना वेगवेगळे बसवून होतो. मुख्य समुपदेशक या पन्नाशीच्या चिकित्सा मानसशास्त्रज्ञ आहेत. बडोद्याच्या रीतीप्रमाणे सगळे त्यांना ‘बेन’ म्हणतात. त्यांनी एकटीला बसवून मला आधी विचारले ते असे: घरात कोणी हात उगारतो का, पतीची भीती वाटते का, फोन तपासला जातो का, पैसे कोणाच्या हातात असतात, माहेरी जाण्यावर बंधन आहे का. तेच प्रश्न त्यांनी माझ्या पतींनाही विचारले, हे मला नंतर कळले. जेथे हिंसा किंवा धाक असतो तेथे दोघांना एकत्र बसवून मन मोकळे करायला लावणे धोक्याचे ठरते, कारण खोलीत बोललेल्या शब्दाची किंमत घरी गेल्यावर मोजावी लागू शकते. प्रतीक्षा कक्षाच्या भिंतीवर गुजरात सरकारच्या ‘१८१ अभयम’ या महिला हेल्पलाइनचा फलक लावलेला आहे, तो शोभेसाठी नाही, हे या प्रश्नांवरून कळते. ज्या ठिकाणी पहिल्याच दिवशी दोघांना शेजारी बसवून ‘बोला, काय तक्रार आहे’ असे विचारले जाते, तेथून परत फिरावे असे माझे स्पष्ट मत आहे.

याच भेटीत झोप, भूक, उत्साह यांविषयी आणि नको असताना डोक्यात घोळत राहणाऱ्या विचारांविषयी सविस्तर चौकशी होते. त्यामागचे कारण बेननी नंतर समजावून सांगितले आणि मला ते फार मोलाचे वाटले. पुन्हा पुन्हा खात्री मागणे हे वरून एकसारखे दिसत असले तरी त्याची मुळे निराळी असतात. ज्याला विचारांचा आणि कृतींचा मंत्रचळ असतो, म्हणजे ज्याला डॉक्टर ओसीडी म्हणतात, त्या माणसाला मिळालेले प्रत्येक उत्तर थोडा वेळ शांत करते आणि शंकेला आणखी बळ देते. तेथे घरच्यांनी उत्तरे देत राहणे हे आजाराला खतपाणी घालणे ठरते आणि उपचाराचा एक भागच असा असतो की उत्तर हळूहळू थांबवावे व अनिश्चितता सहन करण्याची सवय व्हावी. नैराश्यात आणखी वेगळे घडते. जेम्स कॉइन या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने १९७६ साली ते चक्र मांडले: खचलेला माणूस जवळच्यांकडून दिलासा मागतो, ते देतात, पण तो मनापासून दिला की केवळ वेळ निभावण्यासाठी, अशी शंका त्याला येते, म्हणून तो पुन्हा मागतो, देणारे कंटाळतात, आणि त्यांचा कंटाळा पाहून त्याची शंका खरी ठरते. माझ्या बाबतीत आजार नव्हता, असे बेननी तपासून सांगितले. मात्र कॉइन यांचे चक्र आमच्या स्वयंपाकघरात हुबेहूब फिरत होते, आणि ते कागदावर काढून दाखवल्यावर आम्ही दोघेही बराच वेळ काही बोललो नाही.

केंद्रात वापरली जाणारी पद्धत भावनाकेंद्रित उपचार या नावाने ओळखली जाते. स्यू जॉन्सन आणि लेस्ली ग्रीनबर्ग यांनी ती १९८० च्या दशकात विकसित केली. तिचा पाया जॉन बोल्बी यांच्या आसक्तीच्या सिद्धांतात आहे. घाबरलेले मूल जसे आईकडे धावते, तशी ओढ मोठेपणीही जोडीदाराबाबत कायम राहते, हे सिंडी हेझन आणि फिलिप शेव्हर यांनी १९८७ मध्ये प्रेमसंबंधांना लावून दाखवले. बेन असे संदर्भ थोडक्यात देतात, व्याख्यान देत नाहीत. एक प्रयोग मात्र त्यांनी तपशीलवार सांगितला आणि तो माझ्या पतींच्या मनावर ठसला. जेम्स कोअन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २००६ मध्ये तो प्रसिद्ध केला होता. १६ विवाहित स्त्रियांना मेंदूचे चित्रण करणाऱ्या यंत्रात झोपवून विजेचा झटका बसण्याची सूचना दिली जात असे. कधी त्यांच्या हातात पतीचा हात असे, कधी अनोळखी माणसाचा, कधी कोणाचाच नसे. पतीचा हात हातात असताना धोक्याला मेंदू देत असलेला प्रतिसाद सर्वांत सौम्य होता, आणि ज्यांचे वैवाहिक नाते अधिक समाधानाचे होते त्यांच्यात हा फरक अधिक दिसला. माझे पती रासायनिक कारखान्यात पाळीवर काम करतात, यंत्राच्या काट्यावर जे दिसते त्यावर त्यांचा विश्वास असतो. हात धरल्याने मेंदूत मोजता येण्याजोगे काही घडते, हे ऐकल्यानंतर ते प्रथमच खुर्चीत पुढे सरकून बसले.

आता प्रत्यक्ष बैठकीत काय होते ते सांगते, कारण समुपदेशन म्हणजे उपदेश, असा अनेकांचा समज असतो. बेननी आम्हाला समोरासमोर बसवले आणि मला माझा नेहमीचा प्रश्न नेहमीच्याच सुरात विचारायला सांगितले. मी विचारला. पतींनी उत्तर दिले, ‘हो गं, ठीक आहे सगळं.’ बेननी तेथेच थांबवले आणि मला विचारले, ‘या उत्तरातला कोणता भाग तुम्हाला खरा वाटला नाही?’ मी म्हटले, तो बोलताना खिडकीकडे पाहत होता. मग त्या माझ्या पतींकडे वळल्या. ‘त्यांनी प्रश्न विचारला त्या क्षणी तुम्हाला आत काय झालं?’ ते बराच वेळ गप्प होते. बेननी घाई केली नाही, मलाही बोलू दिले नाही. शेवटी ते म्हणाले, ‘मी काहीतरी चुकलोय आणि काय चुकलोय ते मला सांगता येणार नाही, असं वाटतं. म्हणून लवकर संपवतो.’ दहा वर्षांहून अधिक संसारात मी हे वाक्य ऐकले नव्हते. मी त्यांच्या तुटक उत्तराचा अर्थ नाराजी असा लावत होते. त्यामागे घाबरणे होते.

त्याच बैठकीत उत्तराची घडण बदलण्याचे काम सुरू झाले. बेनच्या मते ‘ठीक आहे’ हे उत्तर विचारणाऱ्याला काहीच माहिती देत नाही, म्हणून ते पचत नाही. त्यांनी पतींना त्या दिवशीचे खरे सांगायला लावले, आणि बऱ्याच अडखळण्यानंतर जे आले ते असे होते: ‘आज पाळीवर एक पंप बंद पडला, साहेबांनी सगळ्यांसमोर सुनावलं, डोकं अजून तिथेच आहे. तुझ्याशी त्याचा काही संबंध नाही. मला अर्धा तास दे, जेवल्यावर मी स्वतः येऊन बसतो.’ यात काय झाले आहे ते आहे, त्याचा तुझ्याशी संबंध नाही हे आहे, आणि परत येण्याची वेळ आहे. बेननी सर्वांत जास्त भर या शेवटच्या भागावर दिला. जेवल्यावर येतो म्हटले तर जेवल्यावर यायचे. एकदा जरी ते वचन हवेत विरले तर पुढच्या दहा उत्तरांचे मोल कमी होते. माझ्या अनुभवाने सांगते की दिलाशाचे बळ गोड शब्दांपेक्षा या वेळ पाळण्यात जास्त आहे.

माझ्या वाट्याला एक वही आली. प्रश्न ओठांवर आला की तो विचारण्याआधी दोन ओळी लिहायच्या: मी काय पाहिले आणि त्यावरून मी काय ठरवले. ‘दुपारी निरोपावर निळ्या खुणा आल्या, उत्तर आले नाही’ हे पाहिलेले. ‘माझा कंटाळा आला आहे’ हे ठरवलेले. त्यानंतर विचारायचे असेल तर विचारायला मुभा असते, पण पाहिलेले सांगून विचारायचे, आणि आपल्याला काय हवे आहे तेही सांगायचे. ‘माझ्यावर प्रेम आहे ना?’ याऐवजी ‘दुपारी उत्तर आलं नाही, मला भीती वाटली, जरा शेजारी बस’ असे म्हणणे मला सुरुवातीला फार उघडेबोडके वाटले. अजूनही कधीकधी वाटते. परंतु अशा विनंतीला काय करायचे ते समोरच्याला कळते.

या केंद्राची मला सर्वांत जमेची वाटलेली बाजू अशी की परदेशात तयार झालेली पद्धत बेन आपल्या घरांच्या मापाने बेततात. आम्ही दांडिया बाजारातील जुन्या घरात सासूबाई, सासरे आणि दोन मुलांसह राहतो. पुस्तकी सल्ला असा असतो की संध्याकाळी दोघांनी निवांत बसून एकमेकांच्या डोळ्यांत पाहून बोलावे. आमच्याकडे संध्याकाळी दिवाणखान्यात मालिका चालू असते आणि वडीलधाऱ्यांसमोर नवऱ्याने बायकोला ‘काळजी करू नको, मी आहे’ म्हणणे कोणालाच सहज होत नाही. बेननी हे अडसर म्हणून पाहिले नाही. सासूबाईंसमोर काय चालते ते त्यांनी विचारून घेतले. कपडे वाळत घालण्याच्या निमित्ताने गच्चीवर दोघांनी जाणे चालते. रात्रपाळीला निघताना स्वयंपाकघराच्या दारापर्यंत येऊन ‘निघतो’ म्हणणे चालते. मग तेच नेमाचे ठरवले: निघताना दारापर्यंत येणे आणि पोहोचल्यावर न विचारता एक निरोप. न विचारता मिळालेल्या त्या निरोपाने माझे निम्मे प्रश्न आपोआप गळून पडले, हे मी अतिशयोक्ती न करता लिहीत आहे.

येथे एका मुद्द्यावर मी बेनशी वाद घातला आणि तो त्यांनी शांतपणे ऐकून घेतला, हेही नोंदवते. त्यांचे म्हणणे असे की आपल्याकडचे अनेक पुरुष प्रेम कामातून दाखवतात आणि ते ओळखायला शिकले पाहिजे. माझे पती दर रविवारी माझ्या स्कूटरची हवा तपासून पेट्रोल भरून आणतात, परीक्षांच्या दिवसांत मुलांना सोडण्याचे काम न सांगता अंगावर घेतात. ते मी ओळखते आणि त्याचा मला आदर आहे. तरीही शब्दांची गरज त्याने भागत नाही, आणि ‘तो बोलत नाही पण करतो किती’ हे वाक्य बायकांना गप्प बसवण्यासाठी आपल्या समाजात फार वापरले गेले आहे. बेननी पुढच्या भेटीत हा मुद्दा स्वतःहून काढला आणि पतींना सांगितले की टाकी भरणे चालूच ठेवा, तोंडाने बोलणे त्याच्या बदल्यात वगळता येणार नाही. ज्याला चूक दाखवून दिलेली चालते असा समुपदेशक मिळणे हे या सेवेचे मोठे गुणचिन्ह आहे.

दुसरी गोष्ट मला अनपेक्षित होती. आमच्या घरात दिलासा मागणारी मी आणि देणारे ते, अशीच वाटणी असल्याचे दोघेही धरून चाललो होतो. एका बैठकीत बोलता बोलता पती म्हणाले, ‘तिच्या भावासारखं पुण्यात घरबीर घेणं मला काही जमलं नाही.’ ते वाक्य घरात यापूर्वीही येऊन गेले होते आणि त्यावर ‘असू दे रे’ एवढेच उत्तर मिळत असे. बेननी ते प्रश्न म्हणून ऐकले. हा माणूस विचारतो आहे की मी पुरेसा आहे का, असे त्यांनी म्हटल्यावर पतींनी नकार दिला नाही. अनेक पुरुषांना थेट विचारता येत नाही, म्हणून ते तुलनेच्या किंवा विनोदाच्या आडून विचारतात, आणि विचारले आहे हे कोणाच्या लक्षात येत नाही म्हणून उत्तरही मिळत नाही. त्यानंतर मी त्यांना जे सांगितले ते येथे लिहिण्याजोगे नाही, पण ते सांगायला जागा आणि निमित्त त्या खोलीने दिले.

उणिवाही आहेत आणि त्या लहान नाहीत. बेन परगावी असताना एका कनिष्ठ समुपदेशकाकडे आमची बैठक देण्यात आली. त्यांनी मला सकारात्मक विचार करायला सांगितले आणि दिवसातून एकदाच प्रश्न विचारायचा असा नियम घालून दिला. मूळ भीतीला हात न लावता प्रश्नांची संख्या कापल्याने ती भीती कशी वाढते, हे मी त्या आठवड्यात पुरेपूर अनुभवले. बेननी परत आल्यावर तो नियम मोडून काढला, परंतु केंद्राने अशी बदली करण्याआधी आम्हाला विचारायला हवे होते. दुसरे असे की समुपदेशनाच्या खोलीचे दार पातळ आहे आणि आतला चढलेला आवाज बाहेर बसलेल्यांना ऐकू येतो. ज्या सेवेचा प्राण गुप्तता आहे तेथे ही ढिलाई मला खटकते. संमतीपत्रे आणि प्रश्नावल्या केवळ इंग्रजीत आणि गुजरातीत आहेत. बेनना मराठी उत्तम समजते, त्या उत्तर गुजराती वळणाच्या हिंदीत देतात आणि आमचे त्यावाचून अडले नाही, तरी ज्या शहरात पिढ्यान् पिढ्या मराठी कुटुंबे राहतात तेथे ही कागदपत्रे मराठीतही असायला काय हरकत आहे? दूरदृश्य बैठकीची सोय आहे, पण एकाच फोनसमोर दोघे खांद्याला खांदा लावून बसले की बेनना आमचे हात दिसत नाहीत आणि आम्हाला एकमेकांचा चेहरा दिसत नाही. ती सोय अडचणीच्या वेळेपुरतीच घ्यावी.

शुल्क ५० मिनिटांच्या बैठकीला १,५०० रुपये आहे. मध्यमवर्गीय घराला ते जड जाते. पहिल्या भेटीतच अंदाजे किती काळ लागेल आणि मध्येच थांबून आढावा कधी घेतला जाईल हे स्पष्ट सांगितले जाते, आणि गरज नसताना पुढची तारीख दिली जात नाही, ही त्यातील समाधानाची बाब आहे. आमच्या बैठकांमधील अंतर बेननीच वाढवत नेले.

ज्यांना असे केंद्र निवडायचे आहे त्यांनी पाटीवर जाऊ नये. चिकित्सा मानसशास्त्रज्ञ म्हणवणाऱ्या व्यक्तीची भारतीय पुनर्वसन परिषदेकडे नोंदणी असावी लागते. तो नोंदणी क्रमांक विचारावा, संकोच करू नये. बेननी तो न विचारता दाखवला होता. दांपत्यांसोबत काम करण्याचे वेगळे प्रशिक्षण घेतले आहे का, हेही विचारावे, कारण एका व्यक्तीला ऐकणे आणि दोघांच्या मधले चक्र पाहणे ही निराळी कौशल्ये आहेत. ज्यांना शुल्क परवडत नाही किंवा मन फारच अस्वस्थ आहे त्यांच्यासाठी केंद्र सरकारची टेलिमानस ही विनामूल्य सेवा १४४१६ या क्रमांकावर ऑक्टोबर २०२२ पासून उपलब्ध आहे. ती दांपत्य समुपदेशनाची जागा घेऊ शकत नाही, पण आधी स्वतःला सावरण्यासाठी तिचा उपयोग होतो.

जोडीदार यायला तयार नसेल तर एकट्याने सुरुवात करता येते आणि दुसऱ्याला नंतर बोलावले जाते. माझ्या ओळखीतील एका तरुण मुलीने, जिचे लग्न अजून ठरायचे आहे, असेच केले आणि तिच्या मित्राने काही आठवड्यांनी स्वतःहून येण्याची तयारी दाखवली. पाळीवर काम करणाऱ्यांनी वेळ आधीच पक्की करावी. संध्याकाळच्या आणि शनिवारच्या वेळा लवकर भरतात, आणि नवरात्रात गरब्यामुळे संध्याकाळचे कामकाज बंद असते. सकाळी अकराच्या सुमारास फोन केल्यास स्वागत कक्षातील ताई नीट माहिती देतात, आणि ‘बैठक बेनसोबतच हवी, बदली नको’ असे तेव्हाच सांगून लिहून घ्यायला लावावे.